वाचकांचे प्रश्न : पोलंडचे संगीत नेमके कोणाचे?

पोलंडच्या संगीताविषयी वाचकांकडून आलेल्या पत्रांपैकी निवडक प्रश्नांची उत्तरे या वेळी देत आहे. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : शोपँचे वडील फ्रेंच होते, त्याचे जवळजवळ अर्धे आयुष्य पॅरिसमध्ये गेले आणि मृत्यूही तिथेच झाला. मग त्याला पोलंडचा राष्ट्रीय संगीतकार का मानतात? यात देशाभिमानाचा वाटा किती आणि संगीताचा किती?

उत्तर : या प्रश्नाची मुळे शोपँच्या जन्माआधीच्या घडामोडींत आहेत. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया या तीन शेजाऱ्यांनी १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन फाळण्या करून पोलंडचे राज्य आपसांत वाटून घेतले. त्यानंतर नेपोलियनच्या कृपेने उभी राहिलेली वॉर्साची डची हे छोटे संस्थान आणि पुढे झारच्या मुकुटाखाली ठेवलेले पोलिश राज्य असे तुकडे काही काळ नांदले. परंतु खऱ्या अर्थाने स्वतंत्र पोलंड १२३ वर्षांनी, १९१८ मध्ये, पुन्हा अस्तित्वात आला. ज्या समाजाला स्वतःचे सरकार, सैन्य आणि न्यायालये उरलेली नाहीत, त्याचे सार्वजनिक जीवन चर्च, भाषा, कविता आणि संगीत यांच्या आश्रयाला जाते. एखाद्या पियानोवादकाच्या वाट्याला एवढे मोठे ओझे का आले, हे त्याशिवाय कळत नाही.

शोपँचा जन्म १८१० मध्ये वॉर्साजवळच्या झेलाझोवा व्होला या गावी झाला. त्याचे वडील फ्रान्सच्या लोरेन प्रांतातून तरुणपणीच पोलंडमध्ये आले, तिथे त्यांनी शिक्षकाचा पेशा पत्करला आणि ते तिथलेच होऊन गेले. वॉर्सात युझेफ एल्सनर यांच्या हाताखाली शिकलेला शोपँ २ नोव्हेंबर १८३० रोजी परदेशी कार्यक्रमांसाठी निघाला, आणि महिनाही उलटण्याआधी, २९ नोव्हेंबरला, वॉर्सात रशियाविरुद्ध उठाव झाला. उठाव चिरडला गेल्यावर हजारो पोलिश अधिकारी, लेखक आणि राजकीय कार्यकर्ते देशोधडीला लागले व त्यांतील बरेच जण पॅरिसला पोहोचले. शोपँ पुन्हा कधीही मायदेशी परतला नाही. १८३६ मध्ये जर्मन संगीतकार रॉबर्ट शूमानने शोपँच्या रचनांना फुलांखाली दडवलेल्या तोफा म्हटले, तेव्हा शूमानच्या मनात पोलंडचीच स्थिती होती.

पुढच्या घटनांनी हे नाते अधिकच घट्ट केले. १८४९ मध्ये त्याचा मृत्यू झाल्यावर देह पॅरिसच्या पेर लाशेझ दफनभूमीत राहिला. हृदय मात्र त्याच्या इच्छेनुसार बहीण लुद्विका हिने वॉर्साला नेले, आणि आज ते तिथल्या होली क्रॉस चर्चच्या एका खांबात आहे. १८६३ च्या उठावाच्या काळात रशियन सैनिकांनी वॉर्सातील झामोय्स्की वाड्यातून शोपँचा जुना पियानो खिडकीबाहेर फेकून दिला, आणि त्यावर त्सिप्रियान नोर्विद या कवीने लिहिलेली कविता पोलिश साहित्यात अजरामर झाली. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी वॉर्साच्या वाझ्येन्की बागेतील शोपँचा पुतळा ३१ मे १९४० रोजी सुरुंग लावून उडवला. तो १९५८ मध्ये पुन्हा उभारण्यात आला. दोन वेगवेगळ्या काळांत परकी सत्तेने एका संगीतकाराशी असा व्यवहार केला, तर लोक त्याला आपला प्रतिनिधी मानणारच.

तरीही एवढ्यावर त्याचे स्थान उभे नाही. मुलगा असल्यापासून आयुष्याच्या अखेरच्या महिन्यांपर्यंत शोपँ एकच प्रकार सातत्याने लिहीत राहिला, तो म्हणजे माझुर्का, पोलिश लोकनृत्यावर बेतलेली रचना. अशा पन्नासांहून अधिक रचना त्याने केल्या. चार्ल्स हॅले या पियानोवादकाने आठवण लिहून ठेवली आहे की, शोपँ तीन मात्रांची माझुर्का जणू चार मात्रांची असल्यासारखी वाजवतो, असे त्याने शोपँला सांगितले. शोपँने आधी ते नाकारले, मग हॅलेने मोजून दाखवल्यावर हसून सांगितले की हा त्या नृत्याचा मूळ स्वभावच आहे. पहिली मात्रा पुढे सरकवणे, दुसऱ्या किंवा तिसऱ्या मात्रेवर वजन टाकणे, लयीला ओढ देणे या गोष्टी पॅरिसमध्ये शिकून येण्यासारख्या नव्हत्या. त्या पोलंडच्या मैदानी खेड्यांतून आल्या होत्या. मात्र त्या खेड्यांतील माणसांना त्या काळचे राष्ट्र आपले मानत होते का, हा प्रश्न त्याहून अवघड आहे, आणि पुढच्या पत्रात तोच विचारला आहे.

प्रश्न : माझुर्का, पोलोनेझ, क्राकोव्याक ही शेतकऱ्यांची नृत्ये होती असे वाचले आहे. ती सरदार-उमरावांच्या दिवाणखान्यांत कशी पोहोचली, आणि ज्यांची ती होती त्या शेतकऱ्यांची स्थिती काय होती?

उत्तर : पत्रांतील सर्वांत मोलाचा प्रश्न मला हा वाटतो, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

जुन्या पोलंडमध्ये ‘राष्ट्र’ म्हणजे प्रत्यक्षात श्लाख्ता, म्हणजे उमराव वर्ग. लोकसंख्येत या वर्गाचे प्रमाण सुमारे आठ ते दहा टक्के होते. राजाची निवडणूक, संसद, कायद्याचे संरक्षण हे सारे त्यांच्यापुरते होते. शेतकरी बहुसंख्य होते, पण ते भूदास होते. आठवड्यातील कित्येक दिवस त्यांना मालकाच्या शेतावर विनामोबदला राबावे लागे आणि मालकाच्या परवानगीशिवाय गाव सोडता येत नसे. आपण प्राचीन सार्माती योद्ध्यांचे वंशज असून शेतकऱ्यांपेक्षा निराळ्या रक्ताचे आहोत, अशीही या उमरावांची समजूत होती.

संगीत मात्र ही भिंत ओलांडून जात राहिले. पोलोनेझ हे मूळचे गावातल्या लग्नात जोडीजोडीने चालत करायचे संथ नृत्य. ते उमरावांच्या वाड्यात गेल्यावर मिरवणुकीसारखे भारदस्त झाले आणि तिथून सगळ्या युरोपच्या दरबारांत पोहोचले. वॉर्साभोवतालच्या माझोव्शे प्रदेशातला माझुर, शेजारच्या कुयावीतला संथ कुयाव्याक आणि गरगर फिरवणारा वेगवान ओबेरेक ही तिन्ही नृत्ये तीन मात्रांची आहेत, आणि शोपँच्या माझुर्का या तिघांच्या मिश्रणातून घडल्या आहेत. क्राकोव्याक दोन मात्रांचा, क्राकूव परिसरातला, ठेक्याला हुलकावणी देणारा. खेड्यात या नृत्यांना साथ असे ती एका व्हायोलिनची, दोन-तीन तारांच्या एका ओबडधोबड खर्जवाद्याची आणि कधी ढोलाची. वाजवणारा स्वतःही शेतकरी किंवा भूमिहीन माणूस असे.

शोपँने हे संगीत प्रत्यक्ष ऐकले होते. १८२४ आणि १८२५ च्या उन्हाळ्यात तो शाफार्न्या या गावी एका मित्राच्या कुटुंबाकडे राहिला, आणि तिथून घरी पाठवलेल्या पत्रांत त्याने कापणीच्या उत्सवातील गाण्यांचे वर्णन केले आहे. पण तो तिथे जमीनदाराचा पाहुणा म्हणून गेला होता, ही गोष्ट विसरता कामा नये. गाणारे अंगणात होते आणि तो वाड्यात.

या संगीताची पद्धतशीर नोंद करण्याचे काम ऑस्कर कोल्बेर्ग या माणसाने केले. त्याचे कुटुंब वॉर्सात शोपँ कुटुंबाच्या शेजारी राहत होते. आरंभी त्याने लोकगीतांना पियानोची साथ जोडून ती प्रसिद्ध केली, तेव्हा शोपँने १८४७ च्या एका पत्रात त्या प्रयत्नाविषयी नापसंती व्यक्त केली होती. १८५७ पासून कोल्बेर्गने साथ गाळली आणि मूळ सुरावटी, शब्द, प्रदेश, लग्नविधी, सण, पोशाख असे सर्व एकत्र छापायला सुरुवात केली. १८९० मध्ये मरेपर्यंत त्याने तीसहून अधिक खंड प्रसिद्ध केले. पोलंडच्या संगीताचा इतिहास लिहिताना कोल्बेर्गला शोपँच्या शेजारचे स्थान मिळायला हवे, असे माझे ठाम मत आहे. कारण शोपँने जिथून घेतले ती माणसे कोल्बेर्गमुळेच कागदावर उरली.

भूदासपद तिन्ही साम्राज्यांत वेगवेगळ्या वेळी संपले : प्रशियाच्या ताब्यातील भागात १८०७ पासून टप्प्याटप्प्याने, ऑस्ट्रियाच्या भागात १८४८ मध्ये आणि झारच्या ताब्यातील पोलंडमध्ये १८६४ मध्ये. म्हणजे शोपँने माझुर्का लिहिल्या त्या सगळ्या काळात, ज्यांचा ठेका त्यांत आहे त्यांतील पुष्कळ माणसे वेठीला बांधलेलीच होती.

प्रश्न : शोपँच्या आधी पोलंडमध्ये उल्लेखनीय संगीत होते का?

उत्तर : होते. ‘बोगुरोजित्सा’ हे मेरीमातेचे स्तोत्र पोलिश भाषेतील सर्वांत जुन्या रचनांपैकी एक असून, त्याची स्वरलिपीसह सर्वांत जुनी प्रत पंधराव्या शतकाच्या आरंभीची आहे. १४१० मध्ये ग्रुन्वाल्दच्या लढाईपूर्वी पोलिश योद्ध्यांनी ते गायले, असे यान द्वुगोश या इतिहासकाराने नोंदवले आहे. १५८० मध्ये मिकोवाय गोमूव्का याने यान कोखानोव्स्कीच्या पोलिश पद्यानुवादातील दीडशे स्तोत्रांना चार आवाजांच्या चाली दिल्या, आणि त्या इटालियनांसाठी नसून घरगुती साध्या पोलिश माणसांसाठी आहेत असे आवर्जून लिहिले. त्यानंतरच्या राजांची आवड मात्र इटलीकडे होती; व्वादिस्वाव चौथा याने सतराव्या शतकात वॉर्साच्या किल्ल्यात इटालियन ऑपेरा थाटामाटाने चालवला.

पोलिश भाषेतील ऑपेरा १७७८ मध्ये आला. १ मार्च १७९४ रोजी वॉर्सात व्होयचेख बोगुस्वाव्स्की याने लिहिलेला आणि यान स्तेफानीने संगीत दिलेला, क्राकूवकर आणि डोंगरी लोकांच्या भांडणावरचा ऑपेरा रंगभूमीवर आला. रंगमंचावर शेतकरी होते, आणि गाण्यांतील सूचक ओळी प्रेक्षकांनी बरोबर हेरल्या. काही प्रयोगांतच तो बंद पडला; महिना संपण्याआधी कोश्चुश्कोचा रशियाविरुद्धचा उठाव सुरू झाला, ज्यात विळ्याची पाती भाल्यासारखी सरळ करून शेतकरी लढले. पोलंडचे आजचे राष्ट्रगीतही याच काळातले आहे. १७९७ मध्ये इटलीत लढणाऱ्या पोलिश पलटणींसाठी युझेफ विबित्स्कीने ते लिहिले. त्याची चाल कोणा अनामिकाची माझुर्का आहे, आणि १९२७ मध्ये त्याला अधिकृत दर्जा मिळाला.

प्रश्न : मोन्युश्कोच्या ‘हाल्का’ या ऑपेराला एवढे महत्त्व का दिले जाते? संगीताच्या दृष्टीने तो इटालियन ऑपेरांच्या बरोबरीचा आहे का?

उत्तर : प्रश्नातील दुसरा भाग आधी घेतो. इटलीच्या व्हेर्दीशी तुलना केली तर ‘हाल्का’चा आवाका लहान आहे, आणि तसे म्हणण्यात मोन्युश्कोचा अवमान नाही. त्याचे बळ कथेत, आणि ती कथा संगीताने ज्या रीतीने मांडली आहे तीत आहे.

हाल्का ही भूदास घराण्यातली डोंगरी मुलगी. यानुश नावाच्या उमरावाने तिला फसवले आहे, तिला त्याच्यापासून दिवस गेले आहेत, आणि पडदा उघडतो तेव्हा यानुशचा एका श्रीमंत घरच्या मुलीशी वाङ्‌निश्चय चालू आहे. योन्तेक हा तिच्यावर प्रेम करणारा तरुण तिला सावध करतो, पण तिचा विश्वास ढळत नाही. शेवटी लग्न चालू असलेले चर्च पेटवून देण्याचा विचार तिच्या मनात येतो. तो टाकून देऊन, यानुशला क्षमा करून ती नदीत उडी घेते. पहिल्या अंकात उमरावांच्या मेजवानीत पोलोनेझ आणि माझुर दणक्यात वाजतात, तर तिसऱ्या अंकात डोंगरी लोकांची नृत्ये येतात. दोन वर्गांतले अंतर प्रेक्षकाला नुसत्या ठेक्यावरून कळते.

आता तारखा पाहाव्यात. १८४६ मध्ये ऑस्ट्रियाच्या ताब्यातील गालिसियात शेतकऱ्यांनी जमीनदारांच्या वाड्यांवर हल्ले करून शेकडो उमरावांना ठार मारले. १ जानेवारी १८४८ रोजी विल्नियसमध्ये ‘हाल्का’ दोन अंकी रूपात, वेशभूषेविना, मैफिलीसारखा सादर झाला. वॉर्साच्या मोठ्या रंगभूमीवर येण्यासाठी त्याला बरोबर दहा वर्षे थांबावे लागले. १ जानेवारी १८५८ रोजी तो चार अंकी रूपात तिथे झाला आणि मोन्युश्को एका रात्रीत देशभर गाजला. प्रेक्षागृहात बसलेल्यांपैकी कित्येक जण स्वतः जमीनदार होते. आपल्याच वर्गाचा अपराध आपल्याच आवडत्या नृत्यांच्या साथीने समोर मांडलेला त्यांनी पाहिला आणि टाळ्याही वाजवल्या. पोलंडच्या संगीतात राष्ट्र आणि समाज हे दोन प्रश्न एकमेकांपासून सुटे करता येत नाहीत, याचा याहून चांगला पुरावा मला माहीत नाही.

मोन्युश्कोचा ‘स्त्राश्नी द्वूर’ हा ऑपेरा १८६५ मध्ये, उठाव चिरडून दोन वर्षे होत नाहीत तोच, आला. त्यातील सुखी पोलिश घराच्या चित्रालाच मिळणारा प्रतिसाद पाहून रशियन अधिकाऱ्यांनी तो तीन प्रयोगांनंतर बंद केला. परंतु मोन्युश्कोचे सर्वांत दूरवर पोहोचलेले काम म्हणजे त्याची ‘घरगुती गीतपुस्तके’ होत. पोलिश कवींच्या शब्दांना दिलेल्या, हौशी गळ्याला पेलतील अशा चाली त्यांत होत्या, आणि सार्वजनिक जागी जे गाता येत नव्हते ते लोक त्यांच्या आधाराने घराघरांत गाऊ लागले.

प्रश्न : पोलिश संगीतात ज्यू समाजाचे योगदान कितपत होते?

उत्तर : फार मोठे होते, आणि ते पोलिश संगीतात बाहेरून घातलेली भर समजणे चूक ठरेल. कित्येक पिढ्या ज्यू वादकांचे ताफे उमरावांच्या आणि शेतकऱ्यांच्या लग्नांतही वाजवत असत. आदाम मित्स्क्येविचच्या १८३४ च्या ‘पान तादेउश’ या राष्ट्रीय महाकाव्याच्या अखेरीस पोलंडचा अलीकडचा सारा इतिहास तारांच्या वाद्यावर वाजवून दाखवणारा माणूस यांकेल नावाचा ज्यू खानावळवाला आहे. पोलंडच्या सर्वांत मोठ्या कवीला त्या जागी दुसरे कोणी सुचले नाही.

दोन महायुद्धांमधल्या काळात पोलंडमध्ये तीस लाखांहून अधिक ज्यू राहत होते, लोकसंख्येच्या सुमारे दहा टक्के. वॉर्साच्या नृत्यगृहांत, कॅबरेत आणि चित्रपटांत जे पोलिश टँगो गाजले त्यांचे अनेक संगीतकार व गीतकार ज्यू होते. १९३५ मधला, आजही सर्वांना ठाऊक असलेला ‘शेवटचा रविवार’ हा टँगो येझी पेतेर्स्बुर्स्कीचा. त्याच्याबरोबर आर्तूर गोल्द, हेन्रिक वार्स ही नावे घेतली पाहिजेत. शास्त्रीय संगीतात वुजचा पियानोवादक आर्तुर रुबिनस्टाइन आणि चेन्स्तोखोवाचा व्हायोलिनवादक ब्रोनिस्वाव हुबेर्मान जगभर पोहोचले होते. याच देशात १९३७ पासून विद्यापीठांत ज्यू विद्यार्थ्यांना वेगळ्या बाकांवर बसवले जात होते. क्राकूवचा सुतार आणि यिद्दिश (पूर्व युरोपातील ज्यूंची भाषा) गीतकार मोर्देखाय गेबिर्तिग याने १९३६ मधील प्शितिक येथील ज्यूविरोधी दंगलीनंतर ‘आपले गाव जळते आहे’ असे बजावणारे गाणे लिहिले. लोक ज्यांच्या गाण्यांवर नाचत होते, त्यांनाच शेजारी म्हणून नाकारत होते. हा विरोधाभास झाकून पोलिश संगीताचा गौरव करणे मला अप्रामाणिकपणाचे वाटते.

२३ सप्टेंबर १९३९ रोजी बाँबवर्षावात पोलिश रेडिओवरून शोपँ वाजवणारा व्वादिस्वाव श्पिल्मान ज्यू होता. तो वाचला. गेबिर्तिगला जून १९४२ मध्ये क्राकूवच्या घेट्टोत, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्तीत, गोळी घालण्यात आली. गोल्दला त्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत वाद्यवृंद चालवायला लावले आणि तिथेच त्याचा अंत झाला. वॉर्साच्या मोठ्या सिनॅगॉगमध्ये (ज्यूंच्या प्रार्थनास्थळात) गाणारा, ध्वनिमुद्रिकांमुळे जगभर ख्याती मिळवलेला गेर्शोन सिरोता १९४३ मध्ये वॉर्साच्या घेट्टोत मारला गेला. ज्यू वादकांची खेड्यांतली परंपरा तर माणसांसकट संपली.

प्रश्न : पोलंडमध्ये स्त्री संगीतकार झाल्या का?

उत्तर : पुष्कळ झाल्या, तिघींची नावे सांगतो. मारिया शिमानोव्स्का (१७८९–१८३१) ही युरोपभर दौरे करून पियानोवादनावर स्वतःचे कुटुंब चालवणारी पहिल्या पिढीतली कलावंत होती. जर्मन कवी ग्योथेने १८२३ मध्ये तिच्यासाठी कविता लिहिली. तेक्ला बोंदाझेव्स्काची ‘कुमारिकेची प्रार्थना’ ही छोटी रचना १८५६ मध्ये वॉर्सात छापली गेली आणि मध्यमवर्गीय घरांत पियानो आल्यामुळे जगभर वाजू लागली. समीक्षकांनी तिची थट्टा केली. पण त्या काळच्या मुलींच्या शिक्षणात पियानोचे स्थान काय होते, हे तिच्या लोकप्रियतेवरून कळते. तिसरी ग्राझिना बात्सेविच (१९०९–१९६९) ही माझ्या मते विसाव्या शतकातील पोलंडच्या अव्वल संगीतकारांपैकी एक. ती उत्तम व्हायोलिनवादक होती, आणि तिची सात तंतुचौकडी (चार तंतुवाद्यांसाठीच्या रचना) व तंतुवाद्यवृंदासाठीचा १९४८ चा कॉन्चेर्तो (अनेक भागांची वाद्यरचना) आजही ताजा वाटतो.

प्रश्न : साम्यवादी राजवटीत कलेवर कडक बंधने असताना पोलंडमधून इतके धाडसी आधुनिक संगीत कसे निर्माण झाले? आणि सामान्य लोकांना त्याचे काय होते?

उत्तर : युद्धानंतरची पहिली काही वर्षे तुलनेने मोकळी होती. ऑगस्ट १९४९ मध्ये वागूव येथे संगीतकारांची परिषद भरवून सरकारने समाजवादी वास्तववादाचे धोरण लादले. संगीत जनतेला समजेल असे, आशावादी आणि लोकसंगीतावर आधारलेले असावे. बाकी सारे ‘रूपवादी’, म्हणजे दोषास्पद. व्हितोल्द लुतोस्वाव्स्कीची पहिली सिम्फनी याच आरोपाखाली बाजूला पडली. आंद्जेय पानुफ्निक १९५४ मध्ये ब्रिटनला पळून गेला, तेव्हा त्याचे संगीत मायदेशात कित्येक वर्षे वर्ज्य झाले.

शेतकऱ्यांचे संगीत या काळात सरकारी झाले. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या ‘माझोव्शे’ आणि १९५३ मधल्या ‘श्लाँस्क’ या मोठ्या समूहांनी रंगीबेरंगी पोशाखांत, तालीम केलेल्या आवाजांत आणि मोठ्या वाद्यवृंदासह लोकगीते जगभर नेली. त्यांतील कलावंतांचे कौशल्य निर्विवाद आहे. पण खेड्यातला म्हातारा व्हायोलिनवादक, जो दर खेपेला सूर वेगळा वळवतो, त्याला या रंगमंचावर जागा नव्हती. शंभर वर्षांपूर्वी त्याचे संगीत वाड्यात गेले होते, आता ते मंत्रालयात गेले. दुसरीकडे, याच सक्तीतून एक थोर कृती जन्मली : लुतोस्वाव्स्कीचा १९५४ मध्ये पूर्ण झालेला वाद्यवृंदासाठीचा कॉन्चेर्तो. त्यातील बीजे कोल्बेर्गने माझोव्शे प्रदेशात टिपलेल्या सुरावटींची आहेत, आणि त्यांवर उभारलेली इमारत कोणत्याही सरकारी फर्मानाच्या पलीकडची आहे.

१९५६ मध्ये सारे बदलले. जूनमध्ये पोझनानच्या कामगारांचा उठाव झाला, ऑक्टोबरमध्ये साम्यवादी नेता गोमुल्का सत्तेवर आला, आणि त्याच ऑक्टोबरमध्ये तादेउश बेयर्द व काझिम्येश सेरोत्स्की या संगीतकारांच्या पुढाकाराने ‘वॉर्सा शरद’ हा आधुनिक संगीताचा महोत्सव सुरू झाला. पुढच्याच वर्षी पोलिश रेडिओने इलेक्ट्रॉनिक संगीतासाठी प्रयोगशाळा उघडली. सरकारने हे का चालू दिले? शब्दांवर पहारा ठेवता येतो, पण गायकाविना वाजणाऱ्या सुरांत राजद्रोह कुठे आहे हे अधिकाऱ्याला दाखवता येत नाही. शिवाय पाश्चात्त्य जगापुढे उदार दिसण्याची राजवटीला गरज होती. महोत्सवाचा, प्रकाशनाचा आणि वाद्यवृंदांचा खर्च सरकारच उचलत होते, त्यामुळे तिकीटविक्रीची चिंता संगीतकाराला नव्हती. क्शिश्तोफ पेन्देरेत्स्कीने बावन्न तंतुवाद्यांकडून किंचाळ्या आणि गोंगाट काढून घेणारी, पुढे हिरोशिमाच्या बळींना अर्पण केलेली रचना लिहिली ती याच वातावरणात.

प्रश्नाच्या उत्तरार्धाबाबत मला प्रामाणिकपणे म्हणावे लागेल की १९६० च्या दशकातले ते संगीत बहुसंख्य लोकांपासून दूरच राहिले. जवळीक झाली ती दुःखाच्या आणि श्रद्धेच्या वाटेने. पेन्देरेत्स्कीने १९६६ मध्ये सेंट ल्यूकच्या शुभवर्तमानावर आधारलेली ‘पॅशन’, म्हणजे ख्रिस्ताच्या यातनांची संगीतकथा, लिहिली. हेन्रिक गुरेत्स्कीच्या १९७६ च्या तिसऱ्या सिम्फनीतील मधल्या भागाचे शब्द झाकोपानेच्या गेस्टापो (नाझी गुप्त पोलीस) तुरुंगाच्या भिंतीवर अठरा वर्षांच्या एका बंदिवान मुलीने कोरलेले आहेत. १९९० च्या दशकात या सिम्फनीच्या एका ध्वनिमुद्रिकेच्या दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या. १९७० मध्ये किनारपट्टीवर गोळीबारात मारल्या गेलेल्या कामगारांचे स्मारक डिसेंबर १९८० मध्ये ग्दान्स्कच्या जहाजबांधणी कारखान्यासमोर उभे राहिले, तेव्हा त्या प्रसंगासाठी पेन्देरेत्स्कीने कामगार नेता लेख वालेंसाच्या विनंतीवरून ‘लाक्रिमोझा’ हे शोकगीत लिहिले. किंचाळणाऱ्या तंतुवाद्यांचा संगीतकार वीस वर्षांनी कामगारांच्या शोकसभेत पोहोचला होता.

प्रश्न : सॉलिडॅरिटी या कामगार चळवळीचे गाणे म्हणून ‘भिंती’ या गीताचा उल्लेख होतो. ते मूळचे पोलिश आहे का?

उत्तर : चाल कातालान गायक युइस याक याची आहे, शब्द यात्सेक काच्मार्स्कीचे, १९७८ मधले. लोकांनी ते भिंती पाडण्याची हाक म्हणून गायले. पण मूळ गीताच्या शेवटच्या कडव्यात जमाव गाणे स्वतःचे करून पुढे निघून जातो, भिंती वाढतच राहतात आणि गायक एकटा उरतो. सभांमध्ये हे कडवे बहुधा गळून जाई. डिसेंबर १९८१ मध्ये लष्करी कायदा लागू झाला तेव्हा काच्मार्स्की फ्रान्समध्ये होता आणि त्याला अनेक वर्षे परदेशातच राहावे लागले.

प्रश्न : हे सारे ऐकायला सुरुवात कुठून करावी?

उत्तर : शोपँची ओपस (रचना-क्रमांक) ६८ मधील तिसरी माझुर्का आधी ऐकावी. तिच्या मधल्या छोट्या भागात खाली एकच खर्जाचा सूर धरून ठेवलेला आहे आणि वर तीव्र मध्यमाची सुरावट बागडते. खेड्यातली वाद्ये तिथे सरळ ऐकू येतात. त्यानंतर कारोल शिमानोव्स्कीच्या ओपस ५० मधील माझुर्का घ्याव्यात. हा जमीनदार घराण्यातला माणूस. १९१७ च्या क्रांतीत घर-इस्टेट गेल्यावर तो तात्रा पर्वतातल्या झाकोपाने या गावाकडे ओढला गेला आणि तिथल्या डोंगरी व्हायोलिनवादकांचे ऐकत राहिला. त्यांच्या गाण्यातला तोच तीव्र मध्यम त्याने माझोव्शेच्या ठेक्यावर बसवला. पुढे लुतोस्वाव्स्कीचा कॉन्चेर्तो सलग, शक्य तर एका बैठकीत ऐकावा.

हे झाल्यावर, किंवा खरे तर याच्या आधीही, खेड्यातल्या वादकांची मूळ ध्वनिमुद्रणे शोधावीत. १९५० च्या दशकाच्या आरंभी संशोधकांनी गावोगाव फिरून अशी हजारो गाणी मुद्रित केली होती. काझिम्येश दोल्नी या गावी १९६७ पासून लोकवादकांचा महोत्सव भरतो. आणि १९९० च्या दशकापासून वॉर्सातील तरुण मंडळी उरलेल्या म्हाताऱ्या वादकांकडे जाऊन, त्यांच्या शेजारी बसून ओबेरेक शिकत आली आहेत. त्यांची वादने आंतरजालावर सहज सापडतात. पहिल्यांदा ऐकताना सूर बेसूर आणि लय लंगडी वाटेल, म्हणून एकच ओबेरेक चार-पाच वेळा ऐकावा आणि मग लगेच शोपँची माझुर्का पुन्हा लावावी.